८३ लाख पिक्सेलचं गणित

फोरके टीव्हीवर एका चित्रात ३८४० गुणिले २१६०, म्हणजे सुमारे ८३ लाख पिक्सेल असतात. सेकंदाला ६० चित्रं दाखवायची तर गेम कन्सोलला दर सेकंदाला जवळपास ५० कोटी पिक्सेल रंगवावे लागतील. भल्याभल्या यंत्रांना घाम फुटावा असं हे काम! म्हणून चित्र आधी कमी पिक्सेलमध्ये काढायचं आणि मग मोठं करायचं. हेच अपस्केलिंग.

२०१६च्या प्लेस्टेशन ४ प्रोने यासाठी बुद्धिबळाच्या पटासारखी रचना वापरली. प्रत्येक फ्रेममध्ये, म्हणजे चित्रात, निम्मेच पिक्सेल नव्याने काढायचे. उरलेले आधीच्या फ्रेमवरून आणि शेजारच्या रंगांवरून भरायचे. 'होरायझन झिरो डॉन' या गेममधलं हिरवंगार जग असंच पडद्यावर उतरलं.

नोव्हेंबर २०२४मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ५ प्रोमध्ये हे काम मशीन लर्निंगवर चालणारं पीएसएसआर करतं. 'फायनल फॅन्टसी सेव्हन रीबर्थ' साध्या प्लेस्टेशन ५वर ६० फ्रेमच्या मोडमध्ये धूसर दिसायचा. प्रोवर नायक क्लाउडचे केस, दूरचं गवत, दगडांचा खडबडीतपणा लख्ख दिसू लागला, तोही वेग कायम ठेवून.

अर्थात, बारीक पानं आणि जाळ्या अजूनही अवघडच. कॅमेरा फिरला की त्या कधीकधी थरथरतात, कारण नव्याने उघड झालेल्या भागाची माहिती आधीच्या फ्रेममध्ये नसतेच.

जून २०२५मध्ये आलेल्या निन्टेन्डो स्विच २मध्ये एनव्हिडियाचं डीएलएसएस हे मशीन लर्निंगवरच चालणारं अपस्केलिंग आहे. त्यामुळे हे तंत्र आता हातात मावणाऱ्या कन्सोलमध्येही पोहोचलंय.