इंग्रजी प्रश्नांतली उलटापालट

मराठीत विधानाच्या शेवटी ‘का’ जोडला की प्रश्न तयार होतो. बाकीचे शब्द जागचे हलत नाहीत. इंग्रजीत सहायक क्रियापद कर्त्याच्या आधी न्यावे लागते: ‘यू आर कमिंग’चे ‘आर यू कमिंग?’ होते. सहायक नसेल तिथे ‘डू’, ‘डझ’ किंवा ‘डिड’ येते आणि काळ तेच दाखवते, म्हणून ‘डिड यू वेन्ट?’ चूक, ‘डिड यू गो?’ बरोबर. प्रश्नशब्द स्वतःच कर्ता असला की मात्र ‘डू’ची गरज उरत नाही. ‘हू कॉल्ड यू?’ म्हणजे तुला कोणी फोन केला. ‘हू डिड यू कॉल?’ म्हणजे तू कोणाला केलास.

खरी फसगत पुढे होते, आणि ती बहुधा नियम नीट पाठ केलेल्यांचीच. मोठ्या वाक्यात शिरलेला प्रश्न पुन्हा विधानाचा क्रम घेतो. त्यामुळे ‘डू यू नो व्हेअर इज द स्टेशन?’ नव्हे, तर ‘डू यू नो व्हेअर द स्टेशन इज?’

नकारार्थी प्रश्नाचे उत्तरही अडवते. ‘चहा आवडत नाही का?’ याला मराठीत ‘हो, नाही आवडत’ चालून जाते. इंग्रजीत आवडत नसेल तर ‘नो’च म्हणायचे, प्रश्न कसाही विचारलेला असो.