वर्दी आणि पडदा (भाग सहावा) : खरा कर्नल, खोटा मेजर

फौजेतून पेन्शनीत आलेला माणूस शिपाई असो, नाईक असो की हवालदार, आमच्या मढमध्ये तो 'मेजर' असतो. कागदावर हे पद त्याला कधी मिळालेलं नसतं. गाव ते मायेनं देतं. मागचा भाग नाना पाटेकरांवर होता. 'प्रहार'साठी मराठा लाइट इन्फन्ट्रीबरोबर घेतलेलं प्रशिक्षण, टेरिटोरियल आर्मीतलं मानद पद, १९९९च्या कारगिल युद्धाच्या वेळी त्यांचं सीमेवर जाणं, हे सगळं त्यात आलं होतं. तो वाचून अशाच एका 'मेजरांनी' मला फाट्यावर गाठलं आणि म्हणाले, "नानाचं ठीक हाय. पण आधी पक्का अधिकारी आन् मग नट, असा कोण झाला का? आन् लढाई लागल्यावर परत गेला का?"

असा माणूस झाला. त्याचं नाव डेव्हिड निव्हन. आणि त्याच्या उतारवयातल्या एका चित्रपटाची गोष्ट आपल्या शेजारच्या गोव्यातली आहे.

निव्हनचा जन्म १ मार्च १९१० रोजी लंडनमध्ये झाला. वडील पहिल्या महायुद्धात गॅलिपोलीला गेले आणि ऑगस्ट १९१५मध्ये तिथेच मारले गेले. मुलगा तेव्हा पाच वर्षांचा होता. पुढे तो सँडहर्स्टच्या लष्करी विद्यालयात शिकला आणि १९३०मध्ये अधिकारी झाला. कोणती पलटण हवी, असं विचारल्यावर त्यानं दोन पसंती लिहिल्या आणि तिसऱ्या ओळीत लिहिलं की हायलँड लाइट इन्फन्ट्री सोडून कोणतीही चालेल. त्याला नेमकी तीच मिळाली. हा किस्सा त्याचा त्यानंच सांगितलेला. निव्हनचे किस्से सांगता सांगता फुलत जायचे, तेवढी सूट देऊनच ते ऐकावेत.

दोन वर्षं माल्टा बेटावर काढून तो इंग्लंडला परतला. शांततेच्या काळातलं सैन्य, बढतीची आशा नाही, पगार तुटपुंजा. १९३३मध्ये त्यानं राजीनामा दिला आणि अमेरिकेची वाट धरली. मेजरांना मी हे सांगितलं, तेव्हा त्यांचा पहिला प्रश्न होता, "मग पेन्शन?" एवढ्या थोड्या नोकरीवर कुठली पेन्शन! हॉलीवूडमध्ये गर्दीतली माणसं पुरवणाऱ्या कचेरीत त्याचं नाव लागलं ते 'अँग्लो-सॅक्सन नमुना क्रमांक २००८' असं. तिथून चढत चढत १९३९च्या 'वुदरिंग हाइट्स'पर्यंत तो ओळखीचा चेहरा झाला होता. त्याच वर्षी सप्टेंबरात युद्ध पेटलं.

हॉलीवूडमधल्या ब्रिटिश नटांना त्यांच्या वकिलातीचा सल्ला होता की तिथेच राहा, काम करत राहा. निव्हन मात्र निघाला. फेब्रुवारी १९४०मध्ये त्याला रायफल ब्रिगेडमध्ये पुन्हा कमिशन मिळालं. त्याच सुमारास एका जेवणाच्या वेळी चर्चिल उठून त्याच्यापाशी आले. सिनेमातलं बस्तान सोडून देशासाठी आलास हे उत्तम केलंस, असं ते म्हणाले, आणि लगेच पुढे, आला नसतास तर ते लाजिरवाणं ठरलं असतं, असंही म्हणाले. मेजरांना यातला दुसरा भाग जास्त पटला.

पुढे निव्हन कमांडोंकडून 'फँटम' नावाच्या तुकडीत गेला. ही तुकडी समजावून घेण्यासारखी आहे, कारण युद्धाच्या सिनेमांत ती क्वचितच दिसते. शिवनेरीच्या तालुक्यातल्या वाचकाला हेरखातं म्हटलं की बहिर्जी नाईक आठवतात. शत्रूच्या गोटात काय चाललंय ते काढून आणणं, हे त्यांचं काम. फँटमचं काम याच्या उलट होतं. आपलंच सैन्य या क्षणी नेमकं कुठं आहे, हे तिला शोधायचं होतं. ऐकताना विचित्र वाटेल. पण १९४०मध्ये फ्रान्समध्ये आघाडी इतक्या वेगानं हलत होती की पुढच्या तुकडीची खबर खालून वर एकेक कचेरी ओलांडत सरसेनापतीपर्यंत पोचायची तोवर ती शिळी झालेली असायची. मग विमानांनी बाँब टाकायचे कुठे? तिथं आपलीच माणसं असली तर?

यावर उपाय म्हणून छोट्या टोळ्या केल्या. एक अधिकारी, दोन-चार बिनतारीवाले, एखाददुसरी हलकी गाडी. ही टोळी पुढच्या ठाण्यावर जायची, तिथल्या सेनापतीशी बोलायची, आपल्याच रणगाड्यांचं बिनतारीवरचं बोलणं कान देऊन ऐकायची आणि मधल्या सगळ्या कचेऱ्या वगळून थेट मुख्यालयाला सांकेतिक संदेश धाडायची. या कामाला बंदुकीइतकीच गरज होती ती चटकन समजून घेणाऱ्या आणि नेमकं बोलणाऱ्या डोक्याची. राज्यशास्त्राचे नामवंत विचारवंत मायकेल ओकशॉटही याच तुकडीत होते. निव्हनकडे तिच्यातलं 'ए' स्क्वाड्रन होतं. जून १९४४च्या नॉर्मंडीतल्या चढाईनंतर काही दिवसांतच तो फ्रान्समध्ये उतरला. युद्ध संपलं तेव्हा तो लेफ्टनंट कर्नल होता आणि अमेरिकेनं त्याला 'लीजन ऑफ मेरिट' हा सन्मान दिला.

मधल्या काळात सैन्याच्याच गरजेपोटी त्यानं दोन चित्रपट केले. त्यातल्या 'द वे अहेड'च्या (१९४४) लेखकांपैकी एक होता पीटर उस्तिनोव. तो साधा शिपाई होता. अधिकारी आणि शिपाई यांनी एकत्र बसून काम करायला लष्करी रीत आड येत होती, म्हणून कागदोपत्री उस्तिनोवला निव्हनचा ऑर्डर्ली केलं गेलं.

पार्टीत तासन् तास किस्से सांगणारा हा माणूस लढाईबद्दल मात्र फारसं बोलला नाही. त्याचं कारण त्यानं एकदा सांगितलं होतं. अमेरिकेतल्या काही स्नेह्यांनी त्याला बेल्जियममध्ये बास्तोनजवळ असलेली आपल्या मुलाची कबर शोधायला सांगितलं होतं. कबर सापडली, पण आजूबाजूला आणखी सत्तावीस हजार कबरी होत्या. आपण तोंड मिटून राहावं याची एवढी कारणं आपल्यासमोर आहेत, असं त्याला तिथं वाटलं.

युद्ध संपलं आणि वर्षभरात, मे १९४६मध्ये, त्याची तरुण पत्नी प्रिम्युला एका घरगुती खेळात जिन्यावरून पडून गेली. पदरात दोन लहान मुलगे होते. तरीही त्यानं कामं सोडली नाहीत. 'अराउंड द वर्ल्ड इन एटी डेज' (१९५६) आणि 'द गन्स ऑफ नॅव्हरोन' (१९६१) आपल्याकडेही पुष्कळांनी पाहिले आहेत. पण मला थांबायचंय ते १९५८च्या 'सेपरेट टेबल्स'पाशी. त्यातला मेजर पोलॉक एका साध्या हॉटेलात राहतो आणि येणाऱ्याजाणाऱ्याला आपल्या पराक्रमाच्या कथा ऐकवतो. एक दिवस उघड होतं की तो मेजर नाहीच आणि ते पराक्रमही त्याचे नाहीत. खऱ्या लेफ्टनंट कर्नलनं हा खोटा मेजर उभा केला आणि त्यासाठी त्याला ऑस्कर मिळालं. त्यात तो पोलॉकची टर उडवत नाही. वर्दीच्या आधारानंच मान वर करू शकणाऱ्या माणसाची लाज तो दाखवतो. अधिकाऱ्याच्या अनेक भूमिका त्यानं केल्या. त्या सगळ्यांत मला ही मोठी वाटते.

आता गोवा. सप्टेंबर १९३९मध्ये युद्ध सुरू होताच इंग्रजांच्या हाती लागू नयेत म्हणून तीन जर्मन मालवाहू जहाजं मुरगावच्या बंदरात शिरली : एरेनफेल्स, ब्राउनफेल्स आणि द्राखेनफेल्स. पुढे एक इटालियन जहाजही तिथंच अडकलं. गोवा पोर्तुगालचा, पोर्तुगाल तटस्थ, त्यामुळे इंग्रज फौजेला तिथं पाऊल टाकता येत नव्हतं. एरेनफेल्सवरच्या बिनतारी यंत्रातून जर्मन पाणबुड्यांना जहाजांच्या खबरा जातात, असा इंग्रजांच्या गुप्त खात्याचा संशय होता. फौज पाठवली तर तटस्थतेचा भंग होणार, म्हणून त्यांनी निवडले कलकत्ता लाइट हॉर्स या हौशी घोडदळातले लोक. कंपन्यांत नोकरीधंदा करणारे, पोट सुटलेले, मध्यमवयीन गोरे. पकडले गेलेच तर सरकारला हात वर करता येतील, हा हिशोब. कलकत्त्याहून फीबी नावाची गाळ वाहणारी संथ बोट किनाऱ्या-किनाऱ्यानं निघाली. माणसं आगगाडीनं कोचीनला जाऊन तिच्यावर चढली. ९ मार्च १९४३च्या रात्री त्यांनी एरेनफेल्सवर झडप घातली. कप्तानासह जहाजावरचे पाच जण मेले आणि एरेनफेल्स बुडालं. ते पाहून उरलेल्या तिन्ही जहाजांच्या खलाशांनी आपली जहाजं आपणच जाळून बुडवली.

हे प्रकरण तीसेक वर्षं गुप्त राहिलं. १९७८मध्ये जेम्स लीझर यांनी त्यावर पुस्तक लिहिलं आणि त्यावरून 'द सी वुल्व्हज' (१९८०) गोव्यात चित्रित झाला. ग्रेगरी पेक, रॉजर मूर आणि लाइट हॉर्सचे प्रमुख बिल ग्राइस यांच्या भूमिकेत सत्तरीला टेकलेला निव्हन. मूरही युद्धानंतर ब्रिटिश सैन्यात कॅप्टन होता. सिनेमा रंजक आहे. पण त्यात एक उणीव मला खटकते. बंदर गोंयकारांचं, पाणी त्यांचं, आणि तिथं मारामारी तीन परक्या सत्तांची. गोव्याच्या माणसाला त्यात काही म्हणायचं असेल, हे त्या पटकथेला सुचतच नाही. त्याला आपलं म्हणणं ठरवता आलं ते गोवा मुक्त झाल्यावर, १९ डिसेंबर १९६१ नंतर.

'द सी वुल्व्हज'नंतर थोड्याच काळात निव्हनला मज्जातंतूंचा असाध्य आजार जडला. आवाज इतका खालावला की 'पिंक पँथर'च्या त्यानं केलेल्या शेवटच्या दोन भागांत त्याचे संवाद नकलाकार रिच लिटल यांनी म्हटले. २९ जुलै १९८३ रोजी स्वित्झर्लंडमध्ये तो गेला. अंत्यविधीला आलेलं सर्वांत मोठं पुष्पचक्र लंडनच्या हीथ्रो विमानतळावरच्या हमालांनी पाठवलेलं होतं.

मेजरांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "आमचा आजा बी त्याच लढाईत व्हता. त्यो बी कधी बोलला न्हाई." मला सर्वांत जास्त लागलं ते हे. निव्हन गप्प राहिला तरी त्याची नोंद राहिली. लष्करी दप्तरात राहिली, चरित्रांत राहिली. तो नॉर्मंडीत होता त्याच दिवसांत, १० जुलै १९४४ला, इटलीत टायबर नदीच्या खोऱ्यात माणगाव तालुक्यातले नाईक यशवंत घाडगे एकट्यानं मशीनगनच्या ठाण्यावर धावून गेले आणि तिथेच पडले. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला म्हणून नाव उरलं. ज्यांना काहीच मिळालं नाही, त्यांचं गप्प राहणं त्यांच्याबरोबरच संपलं.

तेव्हा मढ, ओतूर, जुन्नर, घोडेगाव, जिथं कुठं हे वाचलं जात असेल तिथं माझी विनंती आहे. पणजोबांची पदकं, डिस्चार्ज बुक, फौजेतून आलेलं एखादं पत्र माळ्यावरच्या पेटीत असेल तर खाली काढा. पदकाच्या कडेवर बहुतेक वेळा नंबर, नाव आणि पलटण कोरलेली असते. ती भिंगातून वाचा, वहीत उतरवा आणि घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला जे आठवतं ते त्याखाली लिहून ठेवा. आलेली माहिती घरच्यांच्या परवानगीनं पुढच्या भागांत घेईन.