कायद्यात न लिहिलेलं कलम

लंडनच्या वॉन्ड्सवर्थ भागात कूपर नावाच्या बिल्डरचं घर दुसऱ्या मजल्यापर्यंत चढलं होतं. एके दिवशी संध्याकाळी उशिरा स्थानिक मंडळाचा सर्व्हेअर मजूर घेऊन आला आणि सगळं भुईसपाट करून गेला. आधी कुणी एका शब्दानं विचारलं नाही.

मंडळाची बाजू कागदावर पक्की होती. १८५५ च्या कायद्यानुसार पाया खणण्याआधी सात दिवस मंडळाला कळवायचं, नाही कळवलं तर मंडळ बांधकाम पाडू शकतं. पाडण्याआधी मालकाचं ऐकून घ्या, असं त्यात कुठेही नव्हतं. कूपर म्हणे, मी पत्र धाडलं होतं. मंडळ म्हणे, मिळालंच नाही. शिवाय पूर्ण सात दिवस थांबलो नाही, हे कूपरनं स्वतःच कबूल केलं. म्हणजे चूक होतीच.

तरीही १८६३ मध्ये तो जिंकला! न्यायमूर्ती बाइल्स यांचं म्हणणं असं की, कायदा करणाऱ्यांकडून जे लिहायचं राहिलं, ते न्यायानं भरून काढायचं. त्यांनी १७२३ च्या एका खटल्याचा आधार घेतला. केंब्रिज विद्यापीठानं बेंटली या विद्वानाचं म्हणणं न ऐकताच त्याच्या पदव्या काढून घेतल्या होत्या. त्या खटल्यात एका न्यायाधीशानं थेट एदेनच्या बागेचा दाखला दिला होता: देवाला सगळं ठाऊक होतं, तरी त्यानं आदमला आधी हाक मारली, फळ खाल्लंस का म्हणून विचारलं, आणि मगच शिक्षा दिली. मला या दाखल्याचं राहून राहून नवल वाटतं. उत्तर माहीत असलं तरी प्रश्न विचारायचाच.

पाडण्याआधी ऐकून घ्यायचं का, हाच प्रश्न १९८५ मध्ये मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांच्या खटल्यात आला. महापालिका कायद्याचं कलम ३१४ विनानोटीस अतिक्रमण हटवू देतं. सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या घटनापीठानं ते बारकाईनं वाचलं: ही मुभा आहे, हुकूम नव्हे. ऐकून घेऊन काय फरक पडला असता, हे ज्यानं ऐकलंच नाही त्यानं ठरवायचं नाही. फुटपाथवर राहण्याचा हक्क त्या माणसांना मिळाला नाही, याची मला आजही हळहळ वाटते. पण त्यांचं ऐकलं जाण्याचा हक्क मान्य झाला.

१३ नोव्हेंबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती भूषण गवई आणि विश्वनाथन यांनी बांधकामं पाडण्याआधीच्या या हक्काला तारखा आणि मुदती जोडल्या. रस्ता, फुटपाथ, नदीपात्र अशा जागा आणि कोर्टाचा हुकूम हे अपवाद सोडले, तर किमान १५ दिवसांची नोटीस, रजिस्टर पोस्टानं आणि बांधकामावर चिकटवूनही. मग समोरासमोर सुनावणी, तिची लेखी नोंद. पाडण्याचा आदेश निघाला तरी आणखी १५ दिवस थांबायचं. मला सगळ्यात भावला तो एक बारीकसा तपशील: नोटीस बजावली की जिल्हाधिकारी कार्यालयाला ई-मेल जायचा आणि तिथून आपोआप पोच यायची, म्हणजे नंतर कुणी नोटिशीवर मागची तारीख टाकू नये.