इंधन मोजणाऱ्या यंत्रांची जागतिक बाजारपेठ आणि कोलकात्यातील पंप

कोलकाता – ७ जुलै २०२१ रोजी कोलकात्यात पेट्रोलचा दर लिटरमागे १०० रुपये २३ पैशांवर पोहोचला. त्याच दिवशी राजधानी दिल्लीनेही शंभरी ओलांडली. मुंबईने मे महिन्याच्या अखेरीस आणि चेन्नईने जुलैच्या प्रारंभी हा टप्पा आधीच पार केला होता. या आकड्यावरून राजकीय वाद पुष्कळ झाला. मात्र पंपचालकांपुढे त्यापूर्वीच एक निराळा प्रश्न येऊन ठाकला होता. पंपावरील यंत्राला तीन अंकी दर दाखवता येतो का, हा तो प्रश्न.

हा प्रश्न केवळ तात्त्विक नव्हता. फेब्रुवारी २०२१ मध्ये भोपाळसह मध्य प्रदेशातील काही ठिकाणी उच्च प्रतीच्या पेट्रोलचा दर शंभराच्या पुढे गेला, तेव्हा जुन्या यंत्रांना तो आकडा दाखवता येईना आणि काही पंपांना त्या पेट्रोलची विक्री थांबवावी लागली. दरपट्टीवर ९९ रुपये ९९ पैशांपलीकडे जागाच नव्हती. महाराष्ट्रात मनमाडच्या तेल आगारापासून दूर असलेल्या, आणि म्हणून वाहतूक खर्चाचा भार सोसणाऱ्या, परभणीने मे महिन्यात साध्या पेट्रोलची शंभरी गाठली. ही अडचण भारतापुरतीही नव्हती. १९७९-८० च्या तेलसंकटात अमेरिकेत एका गॅलनचा दर डॉलरच्या वर गेला, तेव्हा जुन्या यंत्रांवर अर्ध्या गॅलनचा दर लावून ग्राहकाला अंतिम रक्कम दुप्पट करून सांगावी लागत असे. २००८ मध्ये तेथील ग्रामीण भागातील काही यांत्रिक पंप ३.९९ डॉलरवर असेच अडून बसले.

तेल महागले किंवा स्वस्त झाले की त्याची बातमी होते. ते तेल मोजणाऱ्या यंत्राची सहसा होत नाही. वस्तुतः ग्राहक आणि तेल कंपनी यांच्यातील संपूर्ण व्यवहार त्या एका यंत्रावरील आकड्यावर विसंबून असतो. जगभरात या यंत्रांची खरेदी-विक्री कशी होते हे पाहू गेल्यास एक गोष्ट ध्यानात येते. ही बाजारपेठ इंधनाच्या खपापेक्षा नियमांच्या बदलावर अधिक चालते.

यंत्र मोजते कसे

भूमिगत टाकीतील इंधन मोटरच्या साहाय्याने वर खेचले जाते किंवा टाकीतच बसवलेल्या पंपाने वर ढकलले जाते. त्यातील हवा वेगळी काढली जाते आणि नंतर ते मापकातून, म्हणजे मीटरमधून, जाते. मीटरमधील दट्ट्यांच्या प्रत्येक फेरीत ठरावीक आकारमानाचे इंधन पुढे सरकते. या फेऱ्यांचे विद्युत स्पंदनांत रूपांतर करणारा लहानसा भाग म्हणजे पल्सर. ही स्पंदने मोजून यंत्रातील गणक लिटर आणि रुपये दाखवतो. मीटरवर शासकीय निरीक्षक तार व शिसे यांची मोहोर लावतो. ती मोहोर तोडल्याविना मापात फेरफार करता येऊ नये, अशी ही योजना आहे.

मोहोर शाबूत राहूनही माप बिघडवता येते, हे २०१७ मध्ये उघडकीस आले. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये उत्तर प्रदेश पोलिसांच्या विशेष कृती दलाने लखनौमधील पंपांवर छापे घातले असता यंत्रांत बसवलेल्या इलेक्ट्रॉनिक चिप आढळल्या. पल्सरकडून येणाऱ्या स्पंदनांत ही चिप भर घालीत असे. परिणामी टाकीत कमी इंधन पडत असूनही पडद्यावरील आकडा पूर्ण दिसे. तपासाचे धागे महाराष्ट्रापर्यंत आले आणि ठाणे पोलिसांच्या गुन्हे शाखेने जून-जुलैमध्ये राज्यातील अनेक पंपांची तपासणी केली. ज्या यंत्रावर ग्राहक डोळे लावून ‘झिरो’ पाहतो, त्याचा आकडा खरा असला तरी माप खोटे असू शकते, हे त्या प्रकरणाने दाखवून दिले.

भारतीय नियमांनुसार अशा यंत्राला अर्ध्या टक्क्याची चूक क्षम्य आहे. पाच लिटरमागे ही चूक २५ मिलिलिटर होते. दिवसाला पाच हजार लिटर विकणारा एखादा पंप उदाहरणादाखल घेतला, तर अर्धा टक्का म्हणजे रोजचे २५ लिटर आणि वर्षाचे नऊ हजार लिटरहून अधिक. ही चूक ग्राहकाच्या विरोधात जाऊ शकते तशी पंपचालकाच्याही. त्यामुळे अचूक मीटरमध्ये दोघांचाही स्वार्थ गुंतलेला असतो, निदान प्रामाणिक व्यवहारात तरी.

फोर्ट वेन ते टोकियो

या उद्योगाची सुरुवात पेट्रोलने नव्हे तर रॉकेलने झाली. अमेरिकेच्या इंडियाना राज्यातील फोर्ट वेन या शहरात १८८५ मध्ये सिल्व्हेनस बाउझर यांनी रॉकेल मोजून देणारा पंप एका किराणा दुकानदाराला विकला. दुकानातील पिंपातून गळणारे रॉकेल शेजारच्या लोण्याला लागत असे, अशी त्यामागची कथा सांगितली जाते. मोटारी पुढे आल्या आणि हाच पंप पेट्रोलच्या कामी लागला. वेन आणि टोकहाइम ही या व्यवसायातील आणखी दोन मोठी नावेही याच शहराशी जोडलेली आहेत.

आज जागतिक बाजारपेठ मोजक्या कंपन्यांच्या हाती आहे. गिल्बार्को ही अमेरिकी कंपनी – गिल्बर्ट आणि बार्कर या दोन आडनावांचा हा संक्षेप – २०२० पासून व्हॉन्टिअर या समूहात आहे. डोव्हर समूहाने २०१६ मध्ये वेन आणि टोकहाइम या दोन्ही कंपन्या घेऊन त्यांचे एकत्रीकरण केले. जपानमध्ये तात्सुनो, जर्मनीत शाइट अँड बाखमन हे जुने उत्पादक आहेत. चिनी कंपन्या स्वस्त यंत्रे घेऊन आशिया व आफ्रिकेत उतरल्या आहेत. भारतात मुंबईची मिडको ही कंपनी या क्षेत्रात आहे. लार्सन अँड टुब्रोनेही दीर्घकाळ पंपनिर्मिती केली आणि पुढे तो व्यवसाय गिल्बार्कोकडे सोपवला.

पश्चिमेकडील देशांत नव्या पंपांची संख्या वाढण्याचे दिवस सरले आहेत. जपानमध्ये १९९० च्या दशकाच्या मध्यास साठ हजारांहून अधिक पेट्रोल पंप होते. आता ते अठ्ठावीस हजारांच्याही खाली आले आहेत. नॉर्वेत २०२४ मध्ये विकल्या गेलेल्या नव्या मोटारींपैकी दहापैकी जवळजवळ नऊ पूर्णतः विजेवर चालणाऱ्या होत्या. तरीही यंत्रे विकली जातात, ती जुनी बदलण्यासाठी. अमेरिकेत पेट्रोल पंपावरील कार्डयंत्रात चिप असलेली कार्डे चालली पाहिजेत, अन्यथा फसवणुकीचा भुर्दंड पंपचालकाने सोसावा, असा नियम कार्ड कंपन्यांनी केला. त्याची मुदत दोनदा पुढे ढकलली जाऊन अखेर एप्रिल २०२१ मध्ये तो लागू झाला. त्याआधी यंत्रे बदलण्याची लाट आली आणि मुदत संपताच ओसरली. पंपनिर्मात्या कंपन्यांच्या अमेरिकेतील उलाढालीतील चढउतार पेट्रोलच्या खपाशी नव्हे, तर या तारखेशी जुळणारा होता.

भारतातील मागणी

या पार्श्वभूमीवर जगभरच्या उत्पादकांचे लक्ष भारताकडे वळणे स्वाभाविक होते. २०१८ च्या नोव्हेंबरात सार्वजनिक तेल कंपन्यांनी देशभरात पन्नास हजारांहून अधिक ठिकाणी नवे पंप देण्याची जाहिरात काढली. २०१९ मध्ये केंद्र सरकारने किरकोळ इंधन विक्रीचे नियम शिथिल केले आणि नव्या परवानाधारकांवर सीएनजी, जैवइंधन वा वीज चार्जिंग यांपैकी किमान एक सुविधा तीन वर्षांत उभारण्याची अट घातली. २०२५ च्या अखेरीस देशातील पंपांची संख्या एक लाखाच्या पुढे गेली. अमेरिका व चीन यांच्यानंतर भारताचा क्रमांक लागतो.

मात्र येथील बाजारपेठेची घडण वेगळी आहे. बहुतांश पंपांवरील यंत्रे पंपचालक स्वतः निवडत नाही. तेल कंपन्या ती निविदा काढून, मोठ्या संख्येने आणि अनेक वर्षांच्या देखभालीच्या करारासह घेतात. खरेदीदार मोजके असल्याने उत्पादकाला किमतीत फारसा वाव राहत नाही. नफा मिळतो तो सुट्या भागांतून, देखभालीतून आणि पंपाला मुख्यालयाशी जोडणाऱ्या संगणकप्रणालीतून.

दुसरा फरक पैसे देण्याच्या पद्धतीचा आहे. पश्चिमेत ग्राहक स्वतः नोझल हाती घेतो आणि यंत्रातच कार्ड घालतो. त्यामुळे यंत्राचा सर्वांत महागडा भाग पैशांच्या व्यवहाराचा असतो. भारतात इंधन कर्मचारी भरतो आणि ग्राहक शेजारच्या फलकावरील चौकोनी कोड भ्रमणध्वनीने टिपून पैसे देतो. अमेरिकेत ज्या कार्डयंत्रावर उत्पादकांची भरभराट झाली, त्याची येथे गरजच पडली नाही. (अमेरिकेतही न्यू जर्सी राज्यात ग्राहकाने स्वतः इंधन भरण्यास बंदी आहे, ही गंमत नोंदवण्याजोगी.)

भारतात यंत्र बदलण्यास भाग पाडले ते दरांच्या धोरणाने. १६ जून २०१७ पासून देशभर पेट्रोल-डिझेलचे दर रोज ठरू लागले. सकाळी सहा वाजता नवा दर लागू व्हायचा, तर प्रत्येक यंत्रावर तो हाताने चढवणे व्यवहार्य नव्हते. पंप मध्यवर्ती संगणकाशी जोडण्याच्या कामाला या निर्णयाने गती आली. दर दूरवरून बदलू लागला, तशीच प्रत्येक नोझलमधून गेलेल्या इंधनाची नोंदही मुख्यालयात पोहोचू लागली. एप्रिल २०१७ च्या छाप्यांनंतर अवघ्या दोन महिन्यांत हे घडावे, हा योगायोग. पेट्रोलमधील इथेनॉलचे प्रमाण २० टक्क्यांवर नेण्याचा कार्यक्रम हे आणखी एक कारण. इथेनॉल पाणी शोषून घेते आणि काही रबरी भागांना मानवत नाही, त्यामुळे नळ्या व सील त्यास टिकणारे लागतात.

नवे यंत्र भारतात विकायचे तर दोन परीक्षा द्याव्या लागतात. मापाच्या अचूकतेसाठी वैध मापन शास्त्र यंत्रणेची नमुना मान्यता आणि ज्वालाग्राही वातावरणातील सुरक्षिततेसाठी पेट्रोलियम व स्फोटके सुरक्षा संघटनेची मान्यता. या संघटनेचे मुख्यालय नागपूरला असून पूर्व विभागाचे कार्यालय कोलकात्यात आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये भारत मापन साधनांना आंतरराष्ट्रीय वैध मापनशास्त्र संघटनेची प्रमाणपत्रे देऊ शकणारा तेरावा देश ठरला. विदेशात पुन्हा चाचणी करून घेण्याचा खर्च टळणे ही निर्यातदाराच्या दृष्टीने मोठी गोष्ट आहे.

कोलकात्यातील पालट

तेलाच्या व्यापारात कोलकात्याचे स्थान जुने आहे. हुगळीकाठच्या बजबज येथे ब्रिटिश काळापासून तेलाची आगारे आहेत. १९०९ मध्ये रंगूनला स्थापन झालेल्या आणि पुढे कोलकात्यात मुख्यालय थाटलेल्या इंडो-बर्मा पेट्रोलियम अर्थात आयबीपी या कंपनीचे पंप महाराष्ट्रातील महामार्गांवरही दिसत. २००२ मध्ये इंडियन ऑइलने तिचे भागभांडवल सरकारकडून घेतले आणि २००७ मध्ये ती इंडियन ऑइलमध्ये विलीन झाली.

या शहराच्या पंपांवर काय मोजले जाईल, हे अलीकडच्या काळात न्यायालयानेही ठरवले. कलकत्ता उच्च न्यायालयाच्या २००८ मधील आदेशामुळे १९९३ पूर्वीची व्यावसायिक वाहने रस्त्यावरून हटवावी लागली आणि दोन स्ट्रोकच्या रिक्षांची जागा २००९ मध्ये एलपीजीवर चालणाऱ्या चार स्ट्रोकच्या रिक्षांनी घेतली. वाहनांसाठीच्या एलपीजीची यंत्रे निराळी असतात, कारण हा वायू दाबाखाली द्रवरूपात राहतो. सीएनजी कोलकात्यात उशिरा आला. गेल आणि ग्रेटर कलकत्ता गॅस सप्लाय कॉर्पोरेशन यांनी मिळून बंगाल गॅस कंपनी २०१९ मध्ये स्थापन केली. सीएनजी लिटरमध्ये नव्हे तर किलोत मोजतात आणि त्यासाठी वायूचे वस्तुमान मोजणारा मीटर लागतो. त्याच वर्षी पश्चिम बंगाल परिवहन महामंडळाच्या विजेवरील बस शहरात धावू लागल्या. त्यांचे माप युनिटमध्ये.

म्हणजे एकाच शहरात लिटर, किलो आणि युनिट अशी तीन मापे रस्त्यावर आली आहेत. उत्पादकांनीही हा बदल हेरला असून व्हॉन्टिअर आणि डोव्हर या दोन्ही समूहांनी पेट्रोलच्या यंत्रांबरोबर वीज चार्जिंग व स्वच्छ इंधनांच्या उपकरणांतही पैसा गुंतवला आहे. परंतु पिवळ्या टॅक्सीच्या चालकापासून दुचाकीस्वारापर्यंत कोलकात्याचा मोठा वर्ग अजूनही पेट्रोल-डिझेलच्याच नोझलपुढे रांग लावतो, आणि त्याच्या दृष्टीने प्रश्न जुनाच आहे: दाखवले तेवढे मिळाले का?

त्याचे उत्तर मिळवण्याची सोय नियमांत आहे. इंधन देणाऱ्या यंत्राची वर्षातून एकदा शासकीय पडताळणी होऊन प्रमाणपत्र दिले जाते. प्रत्येक पंपावर मोहोर उमटवलेले पाच लिटरचे माप असते आणि शंका आल्यास ग्राहक आपल्यासमोर त्यात इंधन मोजून दाखवण्याची मागणी करू शकतो. मापाच्या मानेवरील रेषेपासून पातळी २५ मिलिलिटरहून अधिक खाली राहिली, तर तक्रार वैध मापन शास्त्र यंत्रणेकडे करता येते. इंधनाची घनता आणि फिल्टर कागदाची चाचणी हीदेखील ग्राहकाला मागता येते.