बोलींच्या वाटा : तालमीतून चावडीवर

कोल्हापूर, सांगली, सातारा या पट्ट्यातील बोलीला ‘रांगडी’ म्हणण्याचा प्रघात आहे आणि तिच्यातील ठसकेबाज शब्दप्रयोग तांबड्या मातीतून उगवले, असे अभिमानाने सांगितले जाते. यातील मातीचा उल्लेख अगदी योग्य आहे, कारण ताक, हळद, लिंबू आणि तेल घालून मळलेल्या कुस्तीच्या हौद्याभोवतीच या बोलीचा मोठा ऐवज जमा झाला. मात्र त्यातील कितीतरी शब्द त्या मातीत उगवलेले नसून फार लांबून येऊन तेथे रुजलेले आहेत.

‘कुस्ती’, ‘पैलवान’, ‘अस्मान’ आणि ‘खुराक’ हे शब्द फारसीतून आले. ‘डावपेच’ या जोडशब्दातील ‘पेच’, म्हणजे पीळ किंवा वळसा, हाही फारसीच. ‘तालीम’ हा मूळ अरबी शब्द असून त्याचा अर्थ शिक्षण असा आहे. हिंदी-उर्दूत तो विद्येपाशीच राहिला. मराठीत मात्र तो शरीराकडे वळला आणि व्यायामशाळेचे नाव झाला, तर नाटकवाल्यांनी तोच सरावाच्या अर्थाने उचलला. मराठेशाहीच्या दरबारी भाषेत अशा शब्दांचा राबता होताच. पुढे राजर्षी शाहू महाराजांनी कुस्तीला राजाश्रय दिला, पंजाबसह उत्तरेकडील मल्ल कोल्हापुरात येऊ लागले आणि 1912 मध्ये खासबाग मैदान उभे राहिले, तेव्हा आखाड्याच्या या परिभाषेला हजारो प्रेक्षकांचे कान मिळाले. ज्याला अस्सल गावरान म्हणून मिरवले जाते, ते पुष्कळदा असे बहुदेशी असते.

तालमीतील गुरू तो ‘वस्ताद’, म्हणजे ‘उस्ताद’ या शब्दाचे मराठी वळण. शिष्याला सगळे डाव शिकवूनही वस्ताद एक डाव स्वतःकडे राखून ठेवतो, ही समजूत लोकमानसात इतकी पक्की आहे की ‘तो मोठा वस्ताद आहे’ या वाक्यात आता गुरुत्वापेक्षा धूर्तपणाच अधिक ऐकू येतो.

मातीतील पारंपरिक कुस्तीत गुण मोजले जात नाहीत. प्रतिस्पर्ध्याची पाठ जमिनीला टेकली की तो ‘चीत’, आणि अशी स्पष्ट हार-जीत झालेली कुस्ती ‘निकाली’. हा एकच नियम ध्यानात घेतला की अनेक वाक्प्रचार आपोआप उलगडतात. उताण्या पडलेल्या मल्लाच्या डोळ्यांसमोर आकाशच उरते, म्हणून ‘अस्मान दाखवणे’. कधीही न हरलेल्या माणसाच्या ‘पाठीला माती लागलेली नसते’. दोघे मल्ल उभ्यानेच हात, मनगट, मान चाचपत एकमेकांच्या ताकदीचा अदमास घेतात, ती ‘खडाखडी’. तिच्यात पकड असते, पण डाव नसतो. निवडणुकीच्या बातम्यांत सरसकट कोणत्याही भांडणाला खडाखडी म्हटले जाते, तेव्हा ही नेमकी छटा पुसली जाते. काठावरच्या विजयाला ‘चीतपट’ म्हणणे तर सरळ चूक आहे, कारण पाठ अर्धी टेकत नाही.

‘धोबीपछाड’ या डावात प्रतिस्पर्ध्याचा हात धरून, त्याच्याकडे पाठ वळवून, त्याला खांद्यावरून पुढे आपटले जाते; घाटावर धोबी पिळा खांद्यावरून आणून दगडावर आपटतो, त्यावरून हे नाव पडले. ‘तेल लावलेला पैलवान’ हे विशेषण महाराष्ट्राने विशेषतः शरद पवारांच्या संदर्भात ऐकले आहे. तेलकट अंगावर पकड बसत नाही, हा त्यातील मुद्दा. आंतरराष्ट्रीय कुस्तीत अंगाला तेल लावून उतरण्यास बंदी आहे, हे लक्षात घेतल्यास या स्तुतीत दडलेला टोमणाही दिसतो.

कोल्हापूरची ओळख ठरलेला ‘नाद खुळा’ हा प्रयोग वरवर वाटतो तितका सोपा नाही. ‘नाद’ म्हणजे मुळात ध्वनी. मराठीत त्याला छंद, व्यसन, ओढ असे अर्थ चिकटले आणि ‘खुळा’ म्हणजे वेडा, तेव्हा शब्दशः अर्थ ‘वेड लावणारा छंद’ असा होतो, व्यवहारात मात्र तो निव्वळ वाहवा म्हणून उच्चारला जातो. याउलट ‘नाद करायचा नाय’ या तंबीत नाद म्हणजे वाटेला जाणे, आगळीक करणे. ‘त्याच्या नादी लागू नकोस’ या घरगुती वाक्यात संगत आणि कुरापत हे दोन्ही अर्थ आधीपासूनच नांदत होते. कोल्हापूरने त्यांना वेगवेगळे करून दोन्ही धारदार केले.

मॅटवरील कुस्तीने देशाला पदके दिली, पण गुणांच्या हिशेबातून मराठीला मातीच्या तोडीचा एकही वाक्प्रचार अजून मिळालेला नाही. तालमीचे नाव मात्र कुस्तीबाहेरही टिकून आहे : पाटाकडील तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ ही आज कोल्हापुरातील नामांकित फुटबॉल संघांची नावे आहेत.