पडदा लहान, भूमिका मोठी : सेन्टा बेर्गर यांची वाटचाल

चित्रपटातील नायिका दूरचित्रवाणीकडे वळली की तिची उतरण सुरू झाली, असे सर्रास मानले जाते. वय वाढले की तिच्या वाट्याला आई नाहीतर आजी येणार, हेही गृहीत धरलेले असते. जर्मन भाषक प्रेक्षकांच्या लाडक्या अभिनेत्री सेन्टा बेर्गर यांची सहा दशकांहून अधिक काळाची कारकीर्द मात्र हे दोन्ही समज खोटे ठरविते.

बेर्गर यांचा जन्म १३ मे १९४१ रोजी व्हिएन्ना येथे झाला. तेथील माक्स राइनहार्ट सेमिनार या नामांकित संस्थेत त्यांनी अभिनयाचे धडे गिरविले आणि विशीच्या आतच रंगभूमीवर पाऊल ठेवले. पाठोपाठ हॉलिवूडचे दार उघडले. सॅम पेकिनपा यांच्या ‘मेजर डंडी’ (१९६५) मध्ये त्या चार्लटन हेस्टन यांच्यासमवेत, तर ‘कास्ट अ जायंट शॅडो’ (१९६६) मध्ये कर्क डग्लस यांच्यासमवेत झळकल्या. नायक मोठे, खर्च मोठा. परंतु परदेशी सुंदरीच्या भूमिकेचा साचा ठरलेला! या साच्यात अडकून न पडता त्यांनी युरोपातच पाय रोवले.

या निर्णयाची तयारी आधीच झाली होती. १९६५ मध्ये मिखाएल फेरहोफेन यांच्यासह त्यांनी ‘सेन्टाना’ ही निर्मितीसंस्था स्थापन केली. पुढील वर्षी दोघे विवाहबद्ध झाले. हिटलरविरोधी पत्रके वाटणाऱ्या म्युनिकच्या विद्यार्थ्यांवरील ‘डी वाइसे रोझे’ (१९८२) आणि आपल्या गावाचा नाझी भूतकाळ खणून काढणाऱ्या मुलीची कथा सांगणारा ‘दास श्रेक्लिशे मेडशेन’ (१९९०) हे फेरहोफेन दिग्दर्शित चित्रपट गाजले. दुसऱ्याला ऑस्करचे नामांकनही मिळाले.

धारिष्ट पडद्यापुरते नव्हते. गर्भपात गुन्हा मानणाऱ्या कायद्याविरुद्ध १९७१ मध्ये ‘श्टेर्न’ साप्ताहिकातून ३७४ स्त्रियांनी जाहीर निवेदन दिले. स्वाक्षरी करणाऱ्यांत बेर्गर होत्या. लोकप्रियतेच्या भरात असलेल्या अभिनेत्रीने हे करणे म्हणजे कारकीर्दच पणाला लावणे होते.

दूरचित्रवाणीने त्यांना काय दिले, हे समजण्यासाठी तेथील व्यवस्था पाहावी लागेल. जर्मनीतील सार्वजनिक वाहिन्या प्रामुख्याने नागरिकांच्या शुल्कावर चालतात. त्यामुळे जाहिरातदारांची मर्जी हाच एकमेव निकष राहत नाही. दीड तासाचे स्वतंत्र दूरचित्रपट ही तेथील प्रतिष्ठित परंपरा असून मातब्बर दिग्दर्शक आणि कलावंत त्यांत आनंदाने काम करतात. प्रौढ स्त्रीला केंद्रस्थानी ठेवणारी कथा तेथे सहज मावते.

या संधीचे बेर्गर यांनी सोने केले. हेल्मुट डीटल यांच्या ‘किर रोयाल’ (१९८६) या उपरोधिक मालिकेत त्या म्युनिकच्या उच्चभ्रू वर्तुळात वावरणाऱ्या पत्रकाराची जोडीदार मोना झाल्या. ‘डी श्नेले गेर्डी’ (१९८९) मध्ये त्यांनी म्युनिकच्या टॅक्सीचालक स्त्रीची भूमिका रंगविली. खरा कळस पुढेच होता. साठी गाठल्यावर, २००२ मध्ये, ‘उन्टर फरडाख्ट’ ही मालिका सुरू झाली. पोलिसांच्याच गैरकृत्यांचा तपास करणारी आणि वरिष्ठांच्या दबावाला न जुमानणारी एफा प्रोहाचेक हे पात्र त्यांनी सुमारे सतरा वर्षे जिवंत ठेवले. ज्या वयात नायिकांना निवृत्त मानले जाते, त्या वयात त्या मालिकेच्या मध्यवर्ती नायिका होत्या.

चित्रपटाशीही नाते तुटले नाही. २००३ मध्ये स्थापन झालेल्या जर्मन चित्रपट अकादमीचे अध्यक्षपद त्यांनी २०१० पर्यंत सांभाळले. पुत्र सिमोन फेरहोफेन यांच्या ‘विलकोमेन बाय डेन हार्टमान्स’ (२०१६) या विनोदी चित्रपटात निर्वासिताला घरात आसरा देणारी निवृत्त शिक्षिका त्यांनी साकारली. २०२४ मध्ये मिखाएल फेरहोफेन यांचे निधन झाले आणि सुमारे सहा दशकांची साथ संपली.

अभिनेत्रीचे वय वाढते, तसे तिच्याजवळचे सांगण्यासारखेही वाढत जाते. ते ऐकण्याची तयारी लेखक, निर्माते आणि वाहिन्या दाखवितात का, हा प्रश्न केवळ जर्मनीपुरता नाही.