अंगभर हाडे, पण कणा नाही!

रामेश्वर किंवा कन्याकुमारीची सहल करून आलेल्या घरात दिवाणखान्याच्या शोकेसमध्ये काही वस्तू हमखास दिसतात. एक शंख, शिंपल्यांची चौकट असलेला आरसा आणि बरेचदा एक वाळलेला तारामासा. पाच हातांचा, हाताला खरखरीत लागणारा, खडीसारखा कडक. घरातले मूल विचारते, "हा पण शिंपलाच ना?" आणि आपण बिनदिक्कत "हो" म्हणून मोकळे होतो.

उत्तर चुकलेले असते. शंख-शिंपले ही प्राण्याने अंगाबाहेर बांधलेली घरे. तारामाशाचे तसे नाही. आपण कौतुकाने मांडून ठेवतो तो त्याचा सांगाडा असतो. तुमच्या-माझ्या हाडांप्रमाणेच तो कातडीच्या आत असतो, आणि त्या कातडीचा वाळून पापुद्रा झालेला असतो.

"पाठीचा कणा नसलेले प्राणी" हा धडा शाळेत आपण सगळेच शिकलो. पण कणा नाही म्हणजे सांगाडाच नाही, असा समज मनात कायमचा घर करून बसला. वास्तविक जगातल्या ज्ञात प्राण्यांपैकी शेकडा ९५ हून अधिक जाती बिनकण्याच्याच आहेत, आणि अंगाला आधार कसा द्यायचा हा प्रश्न त्यांनी आपापल्या परीने सोडवला आहे. त्यासाठी प्रयोगशाळेत जायलाही नको. मासळी खाणाऱ्या घरची गृहिणी हे सारे रोज निवडत-धूत असते. खेकड्याचे चिलखत बाहेर. ते वाढत नाही, म्हणून मोठे होताना त्याला ते उतरवून टाकावे लागते आणि नवे कडक होईपर्यंत जीव मुठीत धरून बिळात बसावे लागते. तिसऱ्या अधिक हुशार. त्या शिंपल्याच्या काठाला नवा थर जोडत जातात, त्यामुळे घर बदलण्याची कटकट नाही. माकुळाचा भाऊबंद असलेल्या कटलफिशच्या पाठीत पांढरी, हलकी, सच्छिद्र वडी असते. आयुर्वेदिक औषधांच्या दुकानात मिळणारे समुद्रफेन ते हेच. त्याच्या बारीक कप्प्यांतले पाणी आणि वायू कमीजास्त करून हा प्राणी पाण्यात हवा तेवढा तरंगतो. आणि कुंडीतले गांडूळ? त्याच्यात कडक असे काहीच नाही. पाण्याने गच्च भरलेला लांबट फुगा जसा ताठ राहतो, तसा अंगातल्या द्रवाचा दाब हाच त्याचा सांगाडा.

पाचाचा पाढा

या सगळ्यांत वेगळी वाट धरली ती तारामाशाच्या कुळाने. शास्त्रज्ञ या कुळाला कंटकचर्मी म्हणतात, म्हणजे काटेरी कातडीचे. आज जिवंत असलेल्या त्यांच्या सुमारे ७,००० जाती ज्ञात आहेत. तारामासा, सापाच्या शेपटीसारखे हात असलेला भंगुरतारा, काट्यांचा चेंडू वाटावा असा समुद्रसाळू म्हणजे सी अर्चिन, फुलासारखी सागरी लिली आणि समुद्रकाकडी ही त्यातली मंडळी. सगळी समुद्रात राहणारी. गोड्या पाण्यात यांच्यापैकी एकही सापडत नाही.

यांच्या अंगाची रचना पाचाच्या पटीत असते. तारामाशाचे पाच हात आपल्याला दिसतात, पण साळूचे काटे झडल्यावर उरणारा गोल डबा पाहिला तर त्यावरही पाच पाकळ्यांची नक्षी असते. गंमत म्हणजे जन्मतः ही पिल्ले आपल्यासारखी असतात, डावी बाजू उजवीसारखी! पाण्यात तरंगणारा तो इवलासा जीव वाढताना अंगाची घडीच बदलतो आणि पंचकोनी होऊन तळाशी बसतो.

सांगाड्याचा माल साधाच आहे. संगमरवर ज्या कॅल्साइटचा बनतो, त्याच जातीचा. फक्त यांच्या कॅल्साइटमध्ये मॅग्नेशियमचा अंश बराच असतो. पण बांधणी पाहून अभियंत्याने तोंडात बोट घालावे. प्रत्येक हाड, मग ती तबकडी असो वा काटा, स्पंजासारख्या जाळीचे असते आणि जाळीच्या छिद्रांतून जिवंत पेशी भरलेल्या असतात. असे असूनही प्रकाशाच्या कसोटीला ते हाड एकाच अखंड स्फटिकासारखे वागते. साधा कॅल्साइट ठोकला की सरळ रेषेत दुभंगतो. इथे तडा गेला तरी पुढच्या छिद्रापाशी येऊन अडतो. कमी मालात हलके आणि मजबूत बांधकाम! काटा मोडला तर या जिवंत पेशी तो पुन्हा बांधून काढतात.

साळूचा जबडा तर ॲरिस्टॉटलनेही नोंदवून ठेवला आहे. आजही त्याला 'ॲरिस्टॉटलचा कंदील' असेच म्हणतात. पाच दात आणि त्यांना पेलणारे लहानमोठे तुकडे मिळून जवळजवळ ४० भागांचे हे यंत्र. याने साळू खडकावरचे शेवाळ खरवडतो आणि काही जाती तर चक्क खडकात स्वतःला बसण्यापुरता खळगा कोरतात. दगड खाऊन दात बोथट कसे होत नाहीत? दात मागून सतत वाढत राहतो, आणि टोकाची झीज अशी होते की जुना भाग ठरावीक जागी तुटून नवी धार उघडी पडते. सुरीवाल्याला बोलवायला नको.

घडीत दगड, घडीत लोणी

एवढे बांधकाम हाती असताना समुद्रकाकडीने मात्र ते मोडून टाकले. नावाप्रमाणेच ती दिसते काकडीसारखी. लांबट, जाडजूड, वाळूत निवांत पडलेली. तिच्याकडे ना चिलखत ना काटे. पण कातडीचा बारीकसा तुकडा ब्लीचिंगच्या द्रावणात ठेवला की मांसल भाग विरघळून जातो आणि तळाशी पांढरी भुकटी उरते. ती सूक्ष्मदर्शकाखाली धरली की सांगाड्याचा पत्ता लागतो. बहुतेक कण मिलिमीटरच्या दहाव्या भागाएवढे किंवा त्याहूनही लहान, पण आकार काय एकेक! भोके असलेली बटणे, चिमुकली मेजे, चाके, आणि काही जातींत हुबेहूब जहाजाचा नांगर. जातीजातीचे आकार वेगळे. हे कण लक्षात ठेवा, पुढे त्यांच्यावर पोलीस कामाची वेळ येणार आहे.

मग अंगाला आधार कशाचा? या कुळाच्या कातडीत आणि सांध्यांत एक विलक्षण ऊतक असते. मज्जातंतूंचा इशारा मिळताच त्यातल्या पेशी असे पदार्थ सोडतात की आतले धागे एकमेकांना घट्ट धरतात किंवा सुटे होतात. हात लावला की समुद्रकाकडी काही क्षणांत टणक होते. तीच सैल झाली की अरुंद कपारीतून जाड रसासारखी सरकून जाते. आपल्याला मूठ आवळून धरायची तर स्नायू शक्ती खर्चत राहतात आणि शेवटी दुखू लागतात. इथे ताठरपणा टिकवायला शक्ती जवळजवळ लागतच नाही. अमेरिकेतल्या केस वेस्टर्न रिझर्व्ह विद्यापीठातील संशोधकांनी २००८ मध्ये याच युक्तीवर बेतलेला एक पदार्थ तयार केला. कोरडा असताना ताठ, ओलावा लागला की मऊ. मेंदूत बसवायच्या विद्युत तारा आत शिरताना कडक असाव्यात, पण नंतर त्यांनी नाजूक मेंदूला टोचू नये, हा त्यामागचा हेतू.

त्यातूनही शत्रूने गाठलेच तर काही जाती आपली आतडी बाहेर फेकतात. शत्रू गोंधळतो, आणि पुढच्या काही आठवड्यांत नवी आतडी तयार होतात! माशांपासून बचावायला हे सारे पुरेसे आहे. माणसाचे मात्र तसे नाही. जिला पळता येत नाही आणि जिला काटे नाहीत, ती वस्तू पाणबुड्या नुसती वेचून पिशवीत टाकतो.

पकडणारे आणि पकडले जाणारे

चीन आणि पूर्व आशियात समुद्रकाकडी हे शाही पक्वान्न. चिनी भाषेत तिला 'हायशेन' म्हणतात, म्हणजे समुद्रातले जिनसेंग. आपल्याकडे ती फारशी कोणी खात नाही, पण तमिळनाडूच्या किनाऱ्यावर, मन्नारच्या आखातात आणि पाल्कच्या सामुद्रधुनीत, तिचा धंदा पिढ्यान् पिढ्या चालत आला. तमिळमध्ये तिचे नाव 'कडल अट्टै', समुद्रातली जळू. माल परदेशी पाठवण्यासाठी ती साफ करून उकडतात, ओल्या वाळूत पुरतात, वरचा चुनखडीसारखा थर घासून काढतात आणि पुन्हा उकडून वाळवतात. तो थर म्हणजे तिचा उरलासुरला सांगाडाच!

मागणी वाढली तसा माल घटू लागला. १९८२ मध्ये सरकारने तीन इंचांहून लहान समुद्रकाकडीच्या निर्यातीला बंदी केली. २००१ मध्ये वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे वाघाच्या पंक्तीला, समुद्रकाकडीच्या सगळ्या जाती जाऊन बसल्या. कोवळ्या मनाच्या अधिकाऱ्यांनी दया दाखवली, असे समजू नका. नर आणि मादी आपापली बीजे पाण्यात सोडून देतात. आसपास पुरेशा काकड्या नसतील तर बीजे एकमेकांना भेटतच नाहीत. म्हणजे संख्या एका मर्यादेखाली गेली की उरलेल्यांचा वंशही वाढत नाही. शिवाय शेतात गांडूळ करते ते काम समुद्राच्या तळाशी ही करते. वाळू गिळायची, त्यातला कुजका अंश पचवायचा, स्वच्छ वाळू बाहेर टाकायची.

बंदी आली तरी चोरटा व्यापार थांबला नाही. लक्षद्वीपमधल्या सुहेली बेटावर २०२० च्या सुरुवातीस सतराशेहून अधिक समुद्रकाकड्या जप्त झाल्या. त्याच वर्षी तिथे चेरियपाणी प्रवाळखडकाचा २३९ चौरस किलोमीटरचा भाग राखीव करण्यात आला. केवळ समुद्रकाकडीसाठी राखलेले जगातले ते पहिले क्षेत्र. जप्त मालात खरी अडचण असते ती ओळख पटवण्याची. उकडून, घासून, वाळवून सगळ्याच जाती काळपट, सुरकुतलेल्या होतात. अशा वेळी ते सूक्ष्म कण कामी येतात. घासूनही आतल्या कातडीत ते शिल्लक असतात आणि बटण, मेज, नांगर पाहून जात सांगता येते. अलीकडे डीएनए चाचणीची जोडही मिळाली आहे, पण सूक्ष्मदर्शक आणि ब्लीचिंगचे द्रावण स्वस्तात पडते.

दुसरी बाजूही ऐकलीच पाहिजे. रामनाथपुरमच्या कोळ्यांचे म्हणणे असे की, समुद्र एकच, पण पलीकडे श्रीलंकेत परवाना काढून समुद्रकाकडी धरता येते, इकडे धरली तर तुरुंग. इतर मासळीबरोबर ती नकळत जाळ्यात आली तरी आम्ही गुन्हेगार! हातावर पोट असलेल्या पाणबुड्यांची रोजी बुडाली, ती बुडालीच. मला ही तक्रार पोकळ वाटत नाही. सरसकट बंदी घालण्यापूर्वी कुठली जात किती उरली आहे, याची मोजदाद व्हायला हवी होती.

याच किनाऱ्यावर तुतिकोरीन येथे केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेच्या डॉ. डी. बी. जेम्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८८ मध्ये सर्वांत मोलाच्या वालुकाकडीची पिल्ले प्रथमच टाकीत तयार करून दाखवली होती. होलोथुरिया स्काब्रा हे तिचे शास्त्रीय नाव. तिची शेती आज व्हिएतनाममध्ये होते, मादागास्करच्या खेड्यांत होते, पाल्कच्या सामुद्रधुनीपलीकडे जाफन्याच्या उथळ पाण्यातही होते. तुतिकोरीनच्या टाकीतून निघालेली ती विद्या रामनाथपुरमच्या पाणबुड्यांच्या रोजीपर्यंत मात्र पोचली नाही.